जमिनीचा वाद कुठल्या दारी न्यायचा: कोकणातल्या खातेदारांसाठी

जमिनीवरून भांडण उपटलं की पहिली धाव तलाठ्याकडे. तिथे जमलं नाही की तहसील, मग पोलीस ठाणं, मग कुणीतरी सुचवलं म्हणून प्रांत (उपविभागीय अधिकारी), आणि चार-पाच वर्षांनी वकील. तोवर मुदती उलटून गेलेल्या असतात आणि समोरच्याची वहिवाट मुरलेली असते. बहुतेक वेळा कारण एकच: आपल्याला नेमकं काय हवंय हे ठरायच्या आधीच अर्ज पडलेला असतो.

म्हणून आधी कोऱ्या कागदावर एकच वाक्य लिहा. माझं नाव सातबाऱ्यावर लागावं. किंवा जमीन माझी आहे असं ठरावं. माझा हिस्सा वेगळा मिळावा. हद्द दाखवून मिळावी. अडवलेली वाट मोकळी व्हावी. गेलेला ताबा परत यावा. ही सहा वाक्यं ऐकायला सारखी वाटतात, पण त्यांची दारं वेगळी आहेत. तहसीलदार मालकी ठरवू शकत नाही. दिवाणी कोर्ट समोरचा कूळ आहे की नाही हे स्वतः ठरवू शकत नाही. मोजणीदार ताबा देऊ शकत नाही. आणि पोलीस यातलं काहीच करू शकत नाहीत.

कागद आधी, वकील नंतर

आजचा सातबारा काढून भागत नाही. सातबाऱ्यावर नावांजवळ आणि तळाशी जे फेरफार क्रमांक असतात, ते एकेक करून मागे नेत जा. प्रत्येक फेरफाराची, म्हणजे गाव नमुना 6 ची नक्कल घ्या आणि नाव कशाच्या आधारावर चढलं ते बघा: खरेदीखत, वारस, वाटप, कोर्टाचा हुकूम की नुसता जबाब. संगणकीकरणाआधीचे हस्तलिखित सातबारे तहसीलच्या अभिलेख कक्षात मिळतात. भूमी अभिलेख कार्यालयातून फाळणी नकाशा, आकारफोड पत्रक आणि गटाचा नकाशा घ्या. एकाच सर्व्हे नंबरचे दहा-पंधरा पोटहिस्से असणं कोकणात नवल नाही, आणि निम्मे वाद पोटहिस्सा चुकीचा पडल्यामुळेच सुरू झालेले असतात.

सगळ्यात बारकाईनं वाचायचा तो 'इतर हक्क' हा रकाना. तिथे कुळाचं नाव आहे का, कूळकायदा कलम 43 चा शेरा आहे का, 'राखीव वन' किंवा 'खाजगी वन' लिहिलंय का, देवस्थानाचं नाव आहे का, झाडांची मालकी वेगळ्या माणसाच्या नावे आहे का. जमीन एकाची आणि त्यावरचे फणस-माड दुसऱ्याचे, अशा नोंदी कोकणात अजून सापडतात. तुमचं दार पुष्कळदा या एका रकान्यावर ठरतं. कूळ, वन किंवा देवस्थान यांपैकी काही निघालं तर कायदा त्या प्रश्नासाठी वेगळा अधिकारी नेमून देतो आणि दिवाणी कोर्टाला तो प्रश्न स्वतः सोडवता येत नाही.

नुसतं नाव लावायचं असेल तर

वारस, खरेदी, बक्षीसपत्र, हक्कसोड यांनी आलेला हक्क तीन महिन्यांत तलाठ्याला कळवावा असं जमीन महसूल संहितेचं कलम 149 सांगतं. (तलाठ्याचं पदनाम आता ग्राम महसूल अधिकारी झालंय, गावात मात्र तलाठीच म्हणतात.) नोंदणी झालेल्या दस्ताची माहिती दुय्यम निबंधकाकडून येते, वारसाची मात्र आपणच द्यायची. फेरफार धरला की हितसंबंधितांना नमुना 9 ची नोटीस निघते. हरकत असेल तर नोटिशीच्या पंधरा दिवसांत लेखी द्या, कागद जोडा आणि पोच घ्या. तोंडी हरकतीला अर्थ नाही. हरकत आली की नोंद विवादग्रस्त होते, सुनावणी होऊन निकाल होतो, आणि त्यावर 60 दिवसांत प्रांतांकडे अपील. प्रांतांच्या हुकुमावर पुन्हा 60 दिवसांत जिल्हाधिकारी किंवा अपर जिल्हाधिकारी. मुदत टळली असेल तर अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज आणि उशिराचं खरं कारण. 'मुंबईला होतो, कळलं नाही' एवढ्यावर भागेलच असं नाही. कधी कळलं आणि कशावरून कळलं, नक्कल कुठल्या तारखेला काढली, हे लिहावं लागतं.

या सगळ्या लढाईतून मिळतं काय? सातबाऱ्यावरची नोंद. कलम 157 प्रमाणे ती उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरली जाते, पण नोंद म्हणजे मालकी नव्हे हे सर्वोच्च न्यायालयानं वारंवार सांगितलंय. मृत्युपत्रावरून नोंद मागितली आणि दुसऱ्या वारसानं ते मृत्युपत्रच खोटं म्हटलं, तर प्रांतांकडे पाच वर्षं घालवण्यात काही हशील नाही. ते मृत्युपत्र खरं की खोटं हे दिवाणी कोर्टच ठरवणार.

कलम 155 बद्दल एक इशारा. ते लेखनप्रमाद दुरुस्त करण्यासाठी आहे: संगणकीकरणात नाव चुकलं, क्षेत्र उतरवताना आकडा बदलला, एक सहहिस्सेदार गाळला गेला. जुन्या फेरफाराप्रमाणे दुरुस्ती एवढाच त्याचा आवाका. '155 टाका, नाव लागतं' असं सांगणारे तहसीलच्या आवारात भेटतील. त्या वाटेनं मालकी फिरवून घेतलीत तर तो हुकूम अपिलात टिकणं कठीण.

आणखी एक गैरसमज वारस प्रमाणपत्राचा. उत्तराधिकार प्रमाणपत्र, ज्याला लोक सक्सेशन म्हणतात, ते बँकेतल्या ठेवी, शेअर, येणी यांच्यासाठी असतं, जमिनीसाठी नव्हे. जमिनीच्या वारसासाठी कोर्टाचा दाखला लागलाच तर तो 1827 च्या रेग्युलेशनखालचा वारस दाखला. तोही वारस कोण एवढंच सांगतो, जमीन कुणाची ते नाही.

मालकी ठरवायची असेल तर दिवाणी कोर्ट

जमीन जिथे आहे तिथल्याच कोर्टात दावा लावावा लागतो. मुंबईत राहणाऱ्या दोन भावांचं देवगडच्या बागेवरून भांडण असलं तरी दावा मुंबईत चालत नाही. कनिष्ठ स्तर की वरिष्ठ स्तर हे दाव्याच्या किमतीवर ठरतं.

दाव्यात नेमकं काय मागता यावर दावा तरतो किंवा बुडतो. जमीन दुसऱ्याच्या ताब्यात असताना फक्त 'मी मालक आहे असं जाहीर करा' एवढंच मागितलं तर विशिष्ट साहाय्य अधिनियमाच्या कलम 34 मुळे दावा अडतो. ताबाही मागावा लागतो. उलट ताबा तुमच्याकडे आहे, पण समोरच्यानं तुमच्या मालकीवरच गंभीर शंका उभी केलीय, तर नुसता मनाई हुकूम मागून भागत नाही, मालकीची घोषणा जोडावी लागते. खोटं खरेदीखत झालं असेल तर दुय्यम निबंधकाकडे हेलपाटे घालू नका. दस्त एकदा नोंदला की तो रद्द करणं त्याच्या हातात नाही. तो दस्त तुमच्यावर बंधनकारक नाही किंवा रद्द आहे असं कोर्टाकडूनच मिळवावं लागतं. दस्तावर सही तुमचीच असेल आणि ती फसवून घेतली असेल तर रद्दबातल मागावं लागतं. सही तुमची नसेल तर बंधनकारक नसल्याची घोषणा पुरते. कोर्ट फी दोन्हीकडे वेगळी पडते, म्हणून हे वकिलाशी आधीच बोलून घ्या.

मुदती: घोषणेसाठी किंवा दस्त रद्द करण्यासाठी तीन वर्षं, मालकीच्या आधारावर ताबा मागण्यासाठी बारा वर्षं. ही बारा वर्षं समोरच्याचा ताबा तुमच्या हक्काविरुद्ध झाल्यापासून मोजतात. सहहिस्सेदार एकटा जमीन कसतोय एवढ्यानं त्याचा ताबा विरोधी होत नाही. त्यानं तुमचा हक्क उघडपणे नाकारलेला असावा लागतो. सरकार प्रतिवादी असेल तर दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते. जमिनीवर सरकारनं हक्क सांगितला असेल तर महसूल संहितेच्या कलम 20 खाली जिल्हाधिकारी चौकशी करतात, आणि त्यांच्या निर्णयाविरुद्ध दावा एक वर्षात लावावा लागतो. ही एक वर्षाची मुदत हुकणं फार महागात जातं.

वाटप, म्हणजे कोकणाचं खरं दुखणं

सगळे हिस्सेदार राजी असतील तर तहसीलदारांकडे महसूल संहितेच्या कलम 85 चा अर्ज किंवा नोंदणीकृत वाटपपत्र. हा सगळ्यात स्वस्त आणि जलद मार्ग. पण एकानंही हक्काचाच प्रश्न काढला, उदाहरणार्थ 'आत्याचा हिस्सा नाहीच', तर तहसीलदारांचं काम तिथेच थांबतं आणि तो प्रश्न दिवाणी कोर्टात जातो. मुलींचा हक्क हा तर आता वादाचा विषयच उरलेला नाही. हिंदू उत्तराधिकार अधिनियमाच्या 2005 च्या दुरुस्तीनंतर आणि सर्वोच्च न्यायालयाच्या 2020 च्या निकालानंतर मुलीचा सहदायाद म्हणून जन्मजात हक्क आहे, वडील 2005 मध्ये हयात नसले तरी. 20 डिसेंबर 2004 पूर्वी झालेलं नोंदणीकृत वाटप किंवा कोर्टाचा हुकूमनामा यांना मात्र तो धक्का लावत नाही.

वाटपाचा दावा मांडताना दोन गोष्टींवर गाडी अडते. एक, सगळे सहहिस्सेदार पक्षकार हवेत. पणजोबांच्या नावाचं खातं असेल तर चार पिढ्यांची वंशावळ काढून तीस-चाळीस नावं, प्रत्येकाचा पूर्ण पत्ता, मयताच्या जागी त्याचे वारस. एक समन्स परत आलं की तारीख पुढे. परळ, ठाणे, डोंबिवलीचे पत्ते दाव्याआधीच खातरजमा करून घ्या. न सापडणाऱ्यासाठी जाहीर समन्सची परवानगी मागता येते. दुसरं, एकत्र मालकीच्या सगळ्या मिळकती दाव्यात घ्या. भातखाचर आणि बाग घेतली, घर आणि वरकस सोडली, तर अर्धवट वाटपाची हरकत येते.

कोर्ट आधी हिस्से ठरवतं. शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे, म्हणजे तहसील आणि भूमी अभिलेखाकडे जातं. घराचं वाटप कोर्ट कमिशनरकडून. हुकूमनामा हातात पडला म्हणजे संपलं असं समजून फाइल माळ्यावर टाकणारे बरेच असतात. पुढचा अर्ज आपणच द्यावा लागतो. तुकडेबंदी कायद्याचं प्रमाणभूत क्षेत्रही, म्हणजे ज्याहून लहान तुकडा पाडता येत नाही ते, इथेच आड येतं. गुंठ्या-दोन गुंठ्यांचे तुकडे पडत असतील तर त्याऐवजी रोख भरपाई किंवा अदलाबदल सुचवावी लागते.

एका भावानं परस्पर विक्री केली तर? तो स्वतःचा अविभक्त हिस्सा विकू शकतो, तुमचा नाही. राहत्या घराचा हिस्सा परक्यानं घेतला तर मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 44 प्रमाणे त्याला घरात तुमच्याबरोबर राहण्याचा हक्क मिळत नाही, त्यानं वाटप मागावं. वारसानं आलेली जमीन वर्ग 1 चा वारस विकत असेल तर हिंदू उत्तराधिकार अधिनियमाचं कलम 22 इतर तशाच वारसांना आधी घेण्याचा हक्क देतं, शेतजमिनीलाही.

हद्द आणि वाट

गडगा कुणी सरकवला हा प्रश्न आधी मोजणीचा. अर्ज उप अधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडे. दिवस निवडताना गवत कापून झालेले, पाऊस लांब असलेले महिने घ्या. रान माजलं असताना जुन्या खुणा सापडत नाहीत. लगतधारकांना नोटीस जाते, त्यांनी हजर राहावं. मोजणीदार हद्दी दाखवेल तिथे चुन्याच्या रेघेवर न राहता लगेच खुंट ठोका आणि फोटो घ्या. पटलं नाही तर सही नाकारून घरी जाऊ नका. काय पटलं नाही ते जबाबात लिहून द्या आणि निमताना मोजणी, म्हणजे वरिष्ठांकडून फेरमोजणी, मागा. मोजणी नकाशाची 'क' प्रत हातात आली आणि शेजाऱ्याचं अतिक्रमण दिसलं, तरी ते काढून देण्याचं काम भूमी अभिलेखाचं नाही. त्यासाठी ताब्याचा दावा, आणि त्यात गरज पडली तर कोर्ट कमिशनर म्हणून पुन्हा मोजणी.

वाटेच्या वादात दोन कलमं लोक उलटसुलट वापरतात. पूर्वापार वापरातली पाणंद कुणी दगड रचून अडवली असेल तर मामलतदार न्यायालय अधिनियम 1906, कलम 5. अडवल्यापासून सहा महिन्यांत, तहसीलदारांकडे. वाट नव्हतीच, शेतात जायला बांधावरून नवी हवी असेल तर महसूल संहितेचं कलम 143. त्या हुकुमाविरुद्ध दिवाणी दावा एक वर्षात. मात्र 143 शेतीसाठी आहे. घराकडे जाणाऱ्या पाखाडीचा वाद असेल तर दिवाणी कोर्टात सुविधाधिकाराचा, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीतून जाण्याच्या हक्काचा दावा, वीस वर्षांची अखंड उघड वहिवाट दाखवून. जुने फोटो, बारशाच्या-लग्नाच्या वरातीचेसुद्धा, इथे कामी येतात.

समोरचा म्हणतो 'मी कूळ आहे'

यावरच कोकणातले सर्वाधिक दावे लोंबकळतात, म्हणून सावकाश वाचा. कूळ आहे की नाही हे ठरवण्याचा अधिकार कूळकायद्याच्या कलम 70(ब) खाली तहसीलदारांना आहे आणि कलम 85 दिवाणी कोर्टाला त्यात पडू देत नाही. तुम्ही ताब्याचा दावा लावलात आणि प्रतिवादीनं कैफियतीत कुळाचा मुद्दा घेतला, तर कोर्ट कलम 85अ प्रमाणे तो मुद्दा तहसीलदारांकडे पाठवतं आणि उत्तर येईपर्यंत दावा थांबतो. तिथून अपील प्रांतांकडे, पुढे पुनरीक्षण महाराष्ट्र महसूल न्यायाधिकरणाकडे. म्हणजे एकाच जमिनीसाठी दोन रांगा. प्रतिवादी हा मुद्दा काढणार हे आधीच दिसत असेल, इतर हक्कात त्याच्या आजोबांचं नाव असेल, तर दाव्याची आखणी ते धरूनच करा.

1 एप्रिल 1957 च्या कृषक दिनाला जो कूळ जमीन कसत होता तो कायद्यानं खरेदीदार मानला जातो. किंमत कलम 32ग ची चौकशी करून ठरते आणि पैसे भरल्यावर 32म चं प्रमाणपत्र मिळतं. मालक तेव्हा विधवा, अज्ञान किंवा अपंग असेल तर ही तारीख पुढे ढकलली जाते, म्हणून त्या काळी मालक कोण होतं आणि त्यांची स्थिती काय होती हे जन्म-मृत्यूच्या दाखल्यांनी दाखवावं लागतं. कुळाच्या बाजूनं असाल तर जुने पीकपाहणीचे रकाने, खंडाच्या पावत्या, 32ग चे कागद गोळा करा. मालकाच्या बाजूनं असाल तर हे पाहा की समोरचा खरंच कायदेशीरपणे कसत होता का; घरातला माणूस, मजुरीचा गडी, कब्जेगहाणदार हे कलम 4 प्रमाणे मानीव कूळ होत नाहीत. मुंबईला जाताना बाग शेजाऱ्याकडे सोपवणाऱ्यांनी करार लेखी ठेवावा, फक्त आंब्याच्या हंगामापुरता आणि फळांपुरता, आणि पीकपाहणीत त्याचं नाव लागू देऊ नये.

वन आणि देवस्थान थोडक्यात. 30 ऑगस्ट 1975 पासून खाजगी वनं सरकारजमा झाली. जमीन खाजगी वन होती की नाही याची चौकशी जिल्हाधिकारी करतात, नुसत्या शेऱ्यावर विसंबून विक्री-खरेदी करू नका. मिळकत सार्वजनिक न्यासाची आहे का हा प्रश्न धर्मादाय आयुक्तांकडे, वक्फची असेल तर वक्फ न्यायाधिकरणाकडे. आंबोली, गेळे, चौकुळच्या कबुलायतदार गावकार जमिनींचा प्रश्न यांपैकी कुठल्याच साच्यात बसत नाही. तो शासन निर्णयांच्या पातळीवरचा आहे. महामार्ग क्रमांक 66 साठी गेलेल्या जमिनीच्या भरपाईत कुणाचा किती वाटा यावर वाद असेल तर राष्ट्रीय महामार्ग अधिनियमाच्या कलम 3ह(4) प्रमाणे तो जिल्ह्याच्या मुख्य दिवाणी न्यायालयाकडे जातो. भरपाई किती हा प्रश्न मात्र लवादाकडे. हे दोन अर्ज एकत्र करू नका.

ताबा नुकताच गेला असेल

कुणी रातोरात कुंपण घातलं तर घड्याळ त्याच दिवसापासून सुरू. शेतजमिनीसाठी मामलतदार न्यायालय अधिनियमाखाली सहा महिने. किंवा दिवाणी कोर्टात विशिष्ट साहाय्य अधिनियम कलम 6, तेही सहा महिने. दोन्हीत मालकी बघत नाहीत, कोण ताब्यात होतं एवढंच. कलम 6 च्या निकालावर अपील नाही आणि सरकारविरुद्ध ते चालत नाही. सहा महिने गेले तर मालकी सिद्ध करण्याचा लांबचा दावा उरतो. मारामारीची वेळ आली तर पोलिसांकडे जरूर जा. कार्यकारी दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 164 खाली कोर्टाच्या निकालापर्यंत ताबा कुणाकडे राहावा हे ठरवू शकतात. बनावट सही, तोतया माणूस उभा करणं हे गुन्हे आहेत आणि त्याचा तपास दिवाणी दाव्याबरोबर चालू शकतो, पण आरोपीला शिक्षा झाली म्हणून सातबारा आपोआप बदलत नाही.

गावठाणातल्या घराचं वेगळं. तिथे सातबारा नसतो. ग्रामपंचायतीचा नमुना 8 चा उतारा घरपट्टी कोण भरतं एवढंच सांगतो. स्वामित्व योजनेत सनद आणि मिळकतपत्रिका मिळालेली असेल तर तिच्यातल्या नोंदीचा वाद उप अधीक्षक आणि वरच्या भूमी अभिलेख अधिकाऱ्यांकडे, मालकीचा वाद पुन्हा दिवाणी कोर्टातच.

मुंबईकरांसाठी आणि इतरांसाठी काही हातची साधनं

समोरचा तातडीचा मनाई हुकूम मागेल अशी भीती असेल तर कॅव्हेट टाका, म्हणजे 'मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका' असा अर्ज. ती 90 दिवस चालते, नंतर पुन्हा टाकावी लागते. गावातल्या भावाला कुलमुखत्यारपत्र दिलं की तो दावा चालवू शकतो, पण जे फक्त तुम्हालाच माहीत आहे त्याची साक्ष तुमच्या जागी तो देऊ शकत नाही. सुट्टीची तयारी ठेवा. दावा चालू असताना झालेली विक्री दाव्याच्या निकालाला बांधलेली असते, तरीही नवा खरेदीदार पक्षकार करून घेणं बरं. चुकीच्या कार्यालयात प्रामाणिकपणे घालवलेला काळ मुदतीतून वगळण्याची सोय मुदत कायद्याच्या कलम 14 मध्ये आहे, पण त्यासाठी तिथे तत्परतेनं लढल्याचं दाखवावं लागतं. तारखांना गैरहजर राहिलेल्यांना ती मिळत नाही.

महिलांना, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि कमी उत्पन्नाच्या पक्षकारांना तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळतो. महिलांना उत्पन्नाची अट नाही. उच्च न्यायालयात जायची वेळ आली तर रत्नागिरी आणि सिंधुदुर्गसाठी 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, रायगडसाठी मुंबई. विभागीय आयुक्तांचं कार्यालय मात्र तिन्ही जिल्ह्यांसाठी बेलापूरच्या कोकण भवनातच.

तडजोड होत असेल तर ती लोक अदालतीत नोंदवून घ्या. तिथल्या निवाड्यावर अपील नाही आणि भरलेली कोर्ट फीही परत मिळते. तडजोडीच्या कागदात प्रत्येक गट नंबर, पोटहिस्सा, क्षेत्र हेक्टर-आरमध्ये, कुणाला कुठली बाजू आणि सोबत सह्यांचा नकाशा हवा. 'वरची बाग थोरल्याला, खालची धाकट्याला' असं लिहिलेला निवाडा घेऊन तलाठ्याकडे गेलात तर फेरफार होणार नाही, आणि वरची बाग कुठली यावर नवा दावा लागेल.